हात खांद्यावर की गळ्यावर?

गोष्ट संपली तरी मूल विचारतेच, "मग पुढे काय झाले?" सांगणाऱ्याने तेथे मौन धरले, तर ऐकणारा आपल्या मनचा शेवट जोडतो. चित्रकथांच्या जगातील असे एक मौन १९८८ सालापासून वाचकांस अस्वस्थ करीत आले आहे.

ॲलन मूर ह्यांनी लिहिलेले व ब्रायन बोलंड ह्यांनी रेखाटलेले 'द किलिंग जोक' हे ते पुस्तक. (लहान मुलांच्या हाती ते देऊ नये, हे आधीच सांगून ठेवतो.) बॅटमनचा जुना वैरी जोकर पोलीस कमिशनर गॉर्डन ह्यांच्या कन्येवर गोळी झाडतो, आणि खुद्द गॉर्डनना पळवून नेऊन त्यांचे अनन्वित हाल करतो. एका वाईट दिवसाने कोणाही सज्जनास वेड लावता येते, हे त्यास सिद्ध करावयाचे असते. ते सिद्ध होत नाही. सुटका होताच हा जखमी बाप सांगतो, की त्या नराधमास कायद्यानेच धरून आणा.

अखेरीस पावसात बॅटमन जोकरला मदतीचा हात देऊ करतो. आता फार उशीर झाला, असे म्हणून जोकर त्यास एक विनोद सांगतो. दोन वेडे इस्पितळातून गच्चीवरून पळत असतात. एक उडी मारून पलीकडे जातो व म्हणतो, "मी बॅटरीचा झोत टाकतो, त्यावरून चालत ये." दुसरा उत्तरतो, "मी अर्ध्या वाटेत असता तू ती विझवलीस तर?" दोघेही वैरी खदखदून हसतात. बॅटमनचा हात जोकरकडे जातो. चित्र खाली डबक्याकडे वळते, हसणे थांबते, पाण्यावरील उजेडाचा पट्टाही नाहीसा होतो.

तो हात खांद्यावर पडला की गळ्यावर? २०१३ साली ग्रँट मॉरिसन ह्या नामवंत चित्रकथालेखकांनी ठामपणे सांगितले, की तेथे बॅटमन जोकरला ठार करतो. हसणे एकाएकी थांबते ते त्यामुळेच. पुष्कळांना हे पटले. परंतु मूर ह्यांच्या मूळ संहितेत खुनाचा उल्लेख नाही. तेथे दोघे हसत एकमेकांस सावरून उभे आहेत, एवढेच.

माझ्या मते खून मानला, तर जोकरचेच म्हणणे खरे ठरते: वाईट दिवसाने अखेर बॅटमनलाही वेडे केले. मग गॉर्डननी इतके सोसून राखलेल्या धीरास काय अर्थ उरला? तथापि माझ्या ह्या वाचनालाही एक अडचण आहे. केवळ समेटच दाखवावयाचा होता, तर चित्रकाराने तो हात आपल्यापासून लपविला का?

पुस्तकाचे पहिले पान पुन्हा उघडून पाहावे. तेथेही तोच पाऊस, तेच डबके, आणि बॅटमन त्याच वैऱ्याशी बोलावयास वेड्यांच्या इस्पितळात निघालेला आहे.