सवलतीचा अर्ज

गेल्या पितृपक्षांत आमच्या घरीं एक लहानसा पेंच उभा राहिला. आमच्या दिवंगत धाकट्या बंधूंची तिथि आणि शाळेची गणिताची चाचणी एकाच दिवशीं आली. श्राद्धाचा अधिकारी त्यांचा तेरा वर्षांचा एकुलता मुलगा. मुख्याध्यापकांस अर्ज लिहिण्याचें काम आमच्याकडे आलें, आणि खरें सांगावयाचें तर लेखणी तीन वेळां अडखळली. मागावयाची ती कृपा कीं हक्क, हेंच ठरेना! मुख्याध्यापकांनीं मात्र फारसा विचार न करतां त्याची चाचणी दोन दिवसांनीं घेण्याचें मान्य केलें.

श्राद्धाच्या दुपारीं, ब्राह्मण जेवून गेल्यावर घरची पंगत बसली, तेव्हां कोणीं तरी केरळांतील राष्ट्रगीताच्या खटल्याची गोष्ट काढली. आमच्या अर्जावर समाधानानें मान डोलावणारे आमचे दादा एकदम म्हणाले, "राष्ट्रगीत न म्हणणाऱ्या मुलांस शाळेंत ठेवावेंच कशाला?" हा विसंवाद आम्हांस बोंचला. पंगत उठेपर्यंत आम्हीं त्यांस जी हकीकत सांगितली, तीच येथें देतों.

कोट्टयम जिल्ह्यांतील किडंगूर येथील शाळेंत तीन भावंडें शिकत होतीं. एक १० वींत, एक ९ वींत आणि एक ५ वींत. त्यांचें कुटुंब 'यहोवाचे साक्षीदार' या ख्रिस्ती पंथाचें. परमेश्वरावांचून अन्य कशाचेंही स्तुतिगीत गाणें त्या पंथास वर्ज्य आहे. सकाळीं राष्ट्रगीत सुरू झालें कीं तीं मुलें इतरांबरोबर आदरानें उभीं राहत, फक्त गात नसत. त्यांत कोणास कांहीं वावगें वाटलें नव्हतें. पुढें १९८५ च्या जुलैंत एका आमदाराच्या तें नजरेस आलें, विधानसभेंत प्रश्न निघाला आणि चौकशी झाली. मुलें कायदा पाळणारीं आहेत, त्यांनीं गीताचा अनादर केलेला नाहीं, असाच चौकशीचा अभिप्राय पडला. तरीही वरिष्ठांच्या सूचनेवरून मुख्याध्यापिकेनें २६ जुलै रोजीं तिघांसही शाळेंतून काढून टाकिलें.

उच्च न्यायालयानें राष्ट्रगीताचा शब्द न् शब्द तपासला आणि त्यांत कोणाच्याही धर्मास दुखवील असें कांहीं नाहीं, असा निर्णय दिला. निर्णय पंडिती खरा. पण प्रश्न तो नव्हताच! सर्वोच्च न्यायालयानें ११ ऑगस्ट १९८६ रोजीं नेमकें हेंच दाखविलें. न्या. ओ. चिनप्पा रेड्डी यांनीं लिहिलेल्या त्या निकालाचा आशय असा, कीं श्रद्धा न्यायाधीशाच्या बुद्धीस पटते कीं नाहीं हें पाहावयाचें नसून, ती प्रामाणिकपणें व मनःपूर्वक बाळगलेली आहे कीं नाहीं एवढेंच पाहावयाचें. शिवाय राष्ट्रगीत म्हटलेंच पाहिजे असा कायदा कोठें आहे? १९७१ चा कायदा गीत म्हणणारांस अडथळा करणाऱ्याला शिक्षा सांगतो, मौन धरणाऱ्याला नव्हे. मुलांना शाळेंत परत घेण्याचा हुकूम झाला.

येथें दादांना आम्हीं आणखी एका गोष्टीची आठवण दिली. कंपनी सरकारच्या अमदानींत हिंदु साक्षीदारास हातीं गंगोदक घेऊन शपथ वाहावी लागे. अनेकांच्या मनास ती रुचत नसे, आणि त्यापायीं न्यायाच्या कामास अडथळा येई. अखेर १८४० च्या ५ व्या कायद्यानें ती सक्ती उठली आणि शपथेऐवजीं गांभीर्यपूर्वक प्रतिज्ञा करण्याची मुभा मिळाली. म्हणजे सवलत मागणारांच्या रांगेंत आपण कांहीं आजच उभे राहिलेलों नाहीं.

अर्थात् प्रत्येक अर्ज मान्य व्हावा, असें आमचें म्हणणें नाहीं. घटनेच्या २५ व्या कलमानेंच हें स्वातंत्र्य सार्वजनिक सुव्यवस्था, नीति व आरोग्य यांच्या अधीन ठेविलेलें आहे. २०१६ सालीं वायुदलांतील एका मुसलमान सैनिकानें दाढी राखण्याची परवानगी मागितली, ती सर्वोच्च न्यायालयानें नाकारली. ज्यांच्या धर्मांत केस कापणें किंवा दाढी करणें निषिद्ध आहे, त्यांनाच वायुदलाच्या नियमांत ती सवलत होती, आणि इस्लामांत तसा निषेध असल्याचें न्यायालयापुढें सिद्ध झालें नाहीं. सैन्याची शिस्त आम्हांस मान्य आहे. परंतु १९८६ सालीं एकेकट्याची श्रद्धा तपासली आणि येथें धर्माची आज्ञा तपासली, हा फरक सूक्ष्म नाहीं. उलट, १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या १२९ व्या कलमानें पगडी बांधणाऱ्या शिखास शिरस्त्राणाची सक्ती नाहीं. तेथें जोखीम असते ती मुख्यतः त्याच्या स्वतःच्या मस्तकास. ज्या सवलतीची किंमत शेजाऱ्याच्या मुलानें गोवराच्या रूपानें मोजावी, तिचा विचार मात्र निराळ्या तराजूनेंच करावा लागेल.

दादांनीं सगळें ऐकून घेतलें, आंचवून आले आणि सुपारी कातरतां कातरतां विचारलें, "तीं मुलें उभीं तर राहत होतीं ना?" "होय," आम्हीं म्हटलें. "मग काढावयास नको होतीं." शिरस्त्राणाचें मात्र त्यांना अद्याप पटलेलें नाहीं, आणि त्यावर आमच्या घरांत अजून वाद चालू आहे.