नऊ रीती, पाच सूर

दोन वर्षांपूर्वी शिरूरहून दौंडकडे जाणाऱ्या रस्त्याच्या कडेला जेसीबीच्या दातात एक केबल सापडली आणि आमच्या भागातली बँक, महा-ई-सेवा केंद्र, मोबाइलचे टॉवर दोन दिवस मुके झाले. तिसऱ्या दिवशी दौंडहून एक तरुण गाडी घेऊन आला. बाभळीच्या सावलीत बसून तो केसाएवढे काचतंतू सोलत होता, स्पिरिटने पुसत होता, टोके सरळ कापून जोडयंत्रात ठेवत होता. पडद्यावर दोन टोके समोरासमोर येत, क्षणभर ठिणगी पडे आणि काच सांधली जाई.

“इतकं जपून का रे?” मी विचारले.

“सिंगल मोड आहे, काका. उजेड जायची मधली वाट नऊ मायक्रॉनची. जरा सरकली तर उजेड गळतो.”

‘मोड’ हा शब्द मला नवा नव्हता. कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवताना तारेच्या आणि नळीच्या कंपनरीती मी वर्षानुवर्षे फळ्यावर काढल्या. पखवाजाच्या मात्र कधी काढल्या नाहीत. वडील गावच्या भजनात पखवाज वाजवत. त्यांच्या मागे तो खुंटीला टांगलेला असे. पण तारेचे वरचे स्वर मूळ स्वराच्या दुप्पट, तिप्पट येतात, नुसत्या ताणलेल्या कातड्याचे तसे येत नाहीत. म्हणून पुस्तकाच्या लेखी ढोल म्हणजे गोंगाट, आणि मीही तेच धरून चाललो. त्या दुपारनंतर जे वाचत गेलो, त्यातून ही चूक ध्यानात आली.

गोल कातडे हवे तसे थरथरत नाही. ठरावीक आकृत्यांतच थरथरते. सर्वांत साधी आकृती म्हणजे सगळे कातडे एकदम वर, एकदम खाली. दुसरीत अर्धे वर तेव्हा अर्धे खाली. मधल्या रेषेवर बारीक वाळू टाकली तर ती तिथेच पडून राहते. अशी प्रत्येक आकृती म्हणजे एक मोड, एक रीत. काचतंतूचा गाभा हेही एक इवलेसे गोल मैदान आहे. त्याच्या आडव्या छेदात प्रकाश ठरावीक आकृत्यांतच टिकतो: मधोमध एक ठिपका, शेजारी-शेजारी दोन ठिपके, ठिपक्याभोवती कडे.

दोन्हीकडचे गणित एकाच घराण्यातले आहे. बेसेल या जर्मन खगोलशास्त्रज्ञाच्या नावाचे एक फलन २.४०५ या संख्येपाशी पहिल्यांदा शून्य होते. साध्या ढोलाचा सर्वांत खालचा स्वर याच संख्येवरून निघतो. आणि गाभ्याची त्रिज्या, प्रकाशाची तरंगलांबी, गाभ्याच्या व वेष्टनाच्या काचेतला फरक यांतून एक आकडा काढतात. साध्या तंतूत तो २.४०५ च्या खाली राहिला, तर एकच रीत तग धरते. दौंडच्या त्या मुलाचे नऊ मायक्रॉन इथून आले.

एकच रीत कशासाठी? गाभा ५० मायक्रॉनचा केला तर शेकडो रीती मावतात, पण त्यांची चाल सारखी नसते. एकाच वेळी निघालेला संदेश थोडा आधी, थोडा नंतर पोहोचतो आणि पुढच्यात मिसळतो. शिरूरच्या वायव्येला, जुन्नर तालुक्यातल्या खोडदला गोविंद स्वरूप यांनी उभारलेल्या रेडिओ दुर्बिणीत प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या आहेत. दूरवर पसरलेल्या या तबकड्यांचे संकेत काचतंतूंतून मध्यवर्ती इमारतीत येतात आणि एकमेकांशी ताडून पाहिले जातात. तिथे वेळेची सरमिसळ झाली, तर दूरच्या दीर्घिकेचे चित्रच उभे राहणार नाही.

म्हणजे जास्तीच्या रीती हा दोष आणि त्या बंद करणे हा उपाय, असे अनेक वर्षे चालले. पण एका रीतीत किती मजकूर मावेल याला मर्यादा आहे. रंग वाढवता येतात. प्रकाश मात्र फार वाढवला की काचेचे वागणेच बदलते. दर वेळी नवा चर खणायचा नसेल, तर बंद केलेल्या रीती पुन्हा उघडाव्या लागतात.

इथे मला पखवाज आठवला. त्याच्या कारागिराने जास्तीच्या रीती बंद केल्या नाहीत. त्याने मध्यभागी शाईचा थर चढवला. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९२० मध्ये शिवकाली कुमार यांच्यासह आणि पुढे १९३४ मध्ये तबला-मृदंगाचा अभ्यास मांडला. कातड्यावर बारीक वाळू टाकून त्यांनी आकृत्या पाहिल्या. शाईच्या वजनामुळे नऊ रीती पाच गटांत बसतात आणि ते पाच गट मूळ स्वराच्या एकपट ते पाचपट असे सुरात लागतात. गटांतली संख्या १, १, २, २, ३.

काचेतही मध्यभागी प्रकाशाला जास्त वाकवणारी, कडेकडे हळूहळू निवळत जाणारी काच घेता येते. तशा तंतूतल्या पहिल्या नऊ आकृत्या मी कागदावर मांडल्या. त्याही पाच गटांत पडतात: १, १, २, २, ३. आकृत्याही त्याच. फरक एवढाच की ढोलात गटाची वारंवारता सारखी होते, तर तंतूत पुढे जाण्याची चाल. यांतल्या काही आकृत्या फिरवून दुसऱ्या दिशेनेही ठेवता येतात. त्या वेगळ्या मोजल्या की संख्या होते १५. जपानच्या राष्ट्रीय माहिती व दूरसंचार तंत्रज्ञान संस्थेने सहकाऱ्यांसह २०२० मध्ये नेहमीच्याच जाडीच्या एका तंतूतून, याच १५ रीती वापरून, २३ किलोमीटरवर सेकंदाला १ पेटाबिटहून अधिक माहिती पाठवली. पेटाबिट म्हणजे एकावर पंधरा शून्ये.

तरी वाटेत रीती एकमेकींत मिसळतातच. केबल वळते, दाबली जाते, एका आकृतीतला प्रकाश दुसरीत उतरतो. मग पलीकडच्या टोकाला संगणक समीकरणे सोडवून पंधरा मिसळींतून पंधरा मूळ संदेश वेगळे करतो. या मिसळण्याचा उलटा उपयोगही होतो. प्रत्येक निघणारी रीत ही आत शिरलेल्या सगळ्या रीतींची ठरावीक वजने लावून केलेली बेरीज असते. अशा बेरजा हेच आजच्या कृत्रिम बुद्धिमत्तेचे मुख्य ओझे. लोझानच्या संशोधकांनी २०२१ मध्ये छातीच्या क्ष-किरण चित्रांची वर्गवारी करताना असा तंतूच गणनेला जुंपला.

आमच्या रस्त्याखाली अजून एकाच रीतीचा तंतू आहे आणि आमच्या कामाला तो पुरतो. मी मात्र आता शाळेत बोलावणे आले की वडिलांचा पखवाज घेऊन जातो. कातड्यावर चिमूटभर बारीक वाळू टाकतो आणि मुलांना आधी ती कुठे थांबते ते पाहायला सांगतो. तारेची आकृती फळ्यावर त्यानंतर काढतो.