बत्तीस बोअर : एक नाव, दोन काडतुसं

शस्त्र आणि परवाना : लेखांक ७

परवान्याचा अर्ज ठाणे पोलीस आयुक्तालयात कसा पुढे सरकतो, ते गेल्या आठवड्यात पाहिलं. कल्याण, डोंबिवली, उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर, भिवंडी हा सगळा पट्टा त्याच आयुक्तालयाच्या हद्दीत येतो. आता समजा, चौकशा संपल्या, परवाना हातात आला आणि घरातल्या कपाटात एक छोटं पिस्तूल किंवा रिव्हॉल्व्हर आलं. त्यात घालायचं काय?

अमेरिकन मासिकं वाचून या प्रश्नाकडे वळलेल्या माणसाची इथे निराशा होते. तिकडे एकाच पिस्तुलासाठी पन्नास प्रकारच्या गोळ्या शेल्फवर मांडलेल्या असतात आणि त्यांवर तावातावाने वाद चालतात. आपल्याकडे निम्मी निवड कायद्याने केलेली असते आणि उरलेली बहुतेक आपल्या शस्त्राच्या नळीने. तरीही थोडी जागा आपल्यासाठी उरते, आणि नेमक्या त्या जागेत लोक चुका करतात.

आधी कायदा. जगभरच्या छोट्या पिस्तुलांत सर्वाधिक चालणारं काडतूस म्हणजे नऊ मिलिमीटर पॅराबेलम, जॉर्ज लुगर या ऑस्ट्रियन अभियंत्याने १९०२च्या सुमारास घडवलेलं. ते आपल्या लष्कराचं आणि पोलिसांचं काडतूस आहे, म्हणूनच ते सामान्य परवानाधारकाला निषिद्ध. दुकानदारांच्या बोलीत असे बोअर ‘पीबी’ (प्रोहिबिटेड बोअर) आणि मिळू शकणारे ‘एनपीबी’ (नॉन-प्रोहिबिटेड बोअर). यामागचा विचार इंग्रजांच्या काळातला आहे. सरकारी कोठारातून चोरलेली गोळी खासगी बंदुकीत बसता कामा नये, एवढंच त्याचं सूत्र. विसाव्या शतकाच्या आरंभी त्यांनी हिंदुस्थानात .४५० बोअरवर बंदी घातली, तेव्हा लंडनच्या बंदूककारांनी साहेब शिकाऱ्यांसाठी .४७० सारखे नवेच बोअर काढले. वाघाला फरक पडला नसावा. तो नियम करणारे गेले, सूत्र मात्र १९५९च्या शस्त्र कायद्यात आणि २०१६च्या शस्त्र नियमांत टिकून राहिलं.

त्यामुळे कमरेला लावता येईल अशा शस्त्रासाठी आपल्याकडे मुख्यतः .२२, .२५ आणि .३२ उरतात. त्यातही राज्य बत्तीसचं. कानपूरच्या सरकारी कारखान्यातलं रिव्हॉल्व्हर बत्तीसचं, इशापूरचं ‘अशनी’ पिस्तूल बत्तीसचं, आणि २०१४ साली महिलांसाठी म्हणून गाजावाजा करून आणलेलं ‘निर्भीक’ही बत्तीसचंच.

गोंधळ इथून सुरू होतो. रिव्हॉल्व्हरचं बत्तीस आणि पिस्तुलाचं बत्तीस ही दोन वेगळी काडतुसं आहेत. रिव्हॉल्व्हरचं ते ‘.३२ स्मिथ अँड वेसन लाँग’, १८९६चं. त्याची पुंगळी तेवीस मिलिमीटरहून किंचित जास्त लांब आणि बुडाला बाहेर आलेली स्पष्ट कड. त्या कडेवर ते सिलिंडरच्या घरात टेकतं. पिस्तुलाचं ते ‘.३२ ऑटो’, म्हणजेच ७.६५ मिलिमीटर ब्राउनिंग. जॉन ब्राउनिंगने ते आपल्या पिस्तुलासाठी आखलं आणि बेल्जियमच्या एफएन कंपनीने १८९९ साली बाजारात आणलं. याची पुंगळी सतरा मिलिमीटरची आणि कड जेमतेम जाणवेल इतकी. (नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात २१ डिसेंबर १९०९ रोजी अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या त्याही ब्राउनिंग पिस्तुलातून. सावरकरांनी लंडनहून वीस ब्राउनिंग पाठवली होती. छोटं स्वयंचलित पिस्तूल तेव्हा जगालाच नवं होतं.)

दोन्ही गोळ्यांचा व्यास जवळपास सारखाच. म्हणून आखूड काडतूस रिव्हॉल्व्हरच्या घरात सरकतं आणि बघणाऱ्याला वाटतं, बसलं की! ते बसलं म्हणजे जमलं असं नाही. .३२ ऑटोचा दाब लाँगपेक्षा बराच जास्त असतो. मानकांच्या भाषेत चौरस इंचाला सुमारे वीस हजार पौंड विरुद्ध पंधरा हजार. आजोबांच्या काळातल्या वेब्ली रिव्हॉल्व्हरमध्ये हा प्रयोग करणं म्हणजे सिलिंडर फुटण्याची जोखीम घेणं. उलट दिशेने धोका कमी, कारण लाँग काडतूस पिस्तुलाच्या मॅगझिनमध्ये मावतच नाही. तेव्हा खरेदीच्या वेळी दुकानदाराला नुसतं ‘बत्तीसच्या पंचवीस द्या’ असं सांगू नये. नळीवर जे नाव कोरलंय तेच खोक्यावर आणि तेच पुंगळीच्या बुडावर असलं पाहिजे. तिन्ही जुळली नाहीत तर पैसे परत घ्यावेत.

हा माल येतो कुठून? पुण्याजवळच्या खडकीच्या दारूगोळा कारखान्यातून, जो १८६९पासून चालू आहे. बुडावरचं ‘केएफ’ म्हणजे तोच. २०२१च्या ऑक्टोबरात सरकारी शस्त्रनिर्मिती कारखान्यांच्या सात कंपन्या झाल्या, त्यात खडकी ‘म्युनिशन्स इंडिया’कडे गेली. या धंद्याचा एक धागा आपल्या दाराशीही आहे. कल्याणहून कर्जतकडे जाताना तिसरं स्टेशन अंबरनाथ, आणि तिथली ऑर्डनन्स फॅक्टरी पितळेचं काम करते. काडतुसाची पुंगळी ज्या पितळी वाटीतून ओढून लांबवतात, तशा वाट्या घडवणारे कामगार या लोकलमधून रोज जात-येत आले आहेत.

आता ताकदीचा मुद्दा, कारण विचारला सगळ्यात जास्त तोच जातो. .३२ ऑटोची गोळी साधारण साडेचार ग्रॅमची, वेग सेकंदाला पावणेतीनशे मीटरच्या आसपास, ऊर्जा पावणेदोनशे ज्यूलच्या घरात. लाँगची गोळी सहा ग्रॅमहून थोडी जड पण संथ, ऊर्जा दीडशेच्या आसपास. नऊ मिलिमीटर यांच्या अडीच-तीनपट. हे आकडे पूर्ण लांबीच्या नळीचे आहेत. छोट्या शस्त्राची नळी तीन-साडेतीन इंचांची, तिथे वेग आणखी घटतो आणि न जळलेली दारू तोंडाशी भडका होऊन बाहेर पडते. आकडे ऐकून परवानाधारक हिरमुसतो आणि मग ‘जास्त जोराची’ गोळी शोधायला लागतो. माझ्या मते हा शोध सोडून द्यावा.

या शोधातलं पहिलं आमिष म्हणजे पोकळ टोकाची गोळी. शरीरात शिरल्यावर ती फुलते, मोठी जखम करते आणि पलीकडे जात नाही, असं तिचं वर्णन. या कल्पनेचं मूळ आपल्याच देशात आहे. कोलकात्याजवळच्या डमडमच्या कारखान्यात १८९०च्या दशकात फुलणारी गोळी तयार झाली आणि गावाचं नाव तिला कायमचं चिकटलं. १८९९च्या हेगच्या जाहीरनाम्याने युद्धात ती वर्ज्य ठरवली. नागरी वापराला तो जाहीरनामा लागू नाही. पण बत्तीसच्या बाबतीत अडचण पदार्थविज्ञानाची आहे. गोळी फुलायला वेग लागतो आणि आखूड नळीच्या बत्तीसकडे तोच नसतो. फुलली तर फार आत जात नाही, नाही फुलली तर साध्या गोळीसारखीच जाते. पिस्तुलात आणखी एक खोट निघते. ७.६५ची ती अर्धवट कड आठवा. पोकळ टोकाचं काडतूस एकूण लांबीला आखूड असेल तर मॅगझिनमध्ये पुढे-मागे हलतं, वरच्याची कड खालच्याच्या कडेमागे अडकते आणि पिस्तूल तिथेच गप्प होतं. म्हणून ७.६५साठी तांब्याच्या आवरणाची, गोल टोकाची साधी गोळीच योग्य. ब्राउनिंगने पिस्तूल आखलं ते तिच्यासाठीच. परदेशी माल मिळालाच तर तो इतका महाग पडतो की सरावाला कुणी वापरत नाही, आणि ज्या गोळीचा सराव नाही ती कपाटात शोभेपुरतीच.

दुसरी बाजूही पाहू. आपली घरं अशी की एका खोलीतलं बोलणं तिसऱ्या खोलीत ऐकू येतं. चार इंची विटेची भिंत, प्लायवूडचं पार्टिशन, पलीकडे शेजाऱ्याचा पाळणा. ‘फक्त दीडशे ज्यूल’ असलेली गोळीही प्लायवूड आणि दार सहज पार करते. कल्याण-डोंबिवलीसारख्या दाटीच्या शहरात काडतुसाची ताकद कमी असल्याचं दुःख करण्यासारखं मला काही दिसत नाही.

बत्तीस लाँगला कमी लेखणाऱ्यांसाठी एक माहिती. आंतरराष्ट्रीय नेमबाजीतल्या २५ मीटर सेंटर फायर पिस्तूल प्रकारात हेच काडतूस जगभर पसंत केलं जातं. तिथे त्याची गोळी सपाट तोंडाची, वॉडकटर, असते. कागदाला नीट गोल भोक पडावं म्हणून. २००६च्या दोहा एशियाडमध्ये जसपाल राणाने ५९० गुणांसह विश्वविक्रमाशी बरोबरी केली ती याच प्रकारात. कोल्हापूरची राही सरनोबत २०१८च्या एशियाडमध्ये सुवर्णपदक जिंकली ती २५ मीटर पिस्तूलमध्ये, .२२ बोअरवर. दोन्ही बोअरांचा धक्का कमी, म्हणून हात स्थिर. पाचशे ग्रॅमच्या रिव्हॉल्व्हरमधून वर्षातून एखाद्या वेळी गोळी झाडणाऱ्या माणसाला यापेक्षा जोरदार काडतूस दिलं तर तो दुसऱ्या गोळीआधीच डोळे मिटतो.

गोळी छोटी म्हणून गैरसमज नको. १ ऑक्टोबर २०२४च्या पहाटे अभिनेता गोविंदाचं परवाना असलेलं रिव्हॉल्व्हर कपाटात ठेवताना हातातून निसटलं आणि गोळी त्याच्याच पायात शिरली. नुसतं काडतूस जमिनीवर पडलं तर सहसा उडत नाही. जुन्या घडणीच्या रिव्हॉल्व्हरमध्ये मात्र घोड्यावर आघात झाला की तो थेट प्रायमरवर, म्हणजे काडतुसाच्या बुडातल्या ठिणगी देणाऱ्या टोपीवर, बसू शकतो. नव्या घडणीत मध्ये अडसर असतो, जुन्यात नसतो. म्हणून जुनं रिव्हॉल्व्हर असेल तर घोड्यासमोरचं घर रिकामं ठेवायचं आणि सहाऐवजी पाचच काडतुसं भरायची. गोळ्यांचा प्रकार निवडण्याइतकाच हा निर्णयही महत्त्वाचा आहे.

मग परवानाधारकाच्या हातात खरोखर काय उरतं? वय आणि साठवण. एका वेळी किती काडतुसं बाळगता येतील आणि वर्षात किती घेता येतील, हे परवान्यातच लिहिलेलं असतं आणि दुकानदार प्रत्येक खरेदीची त्यात नोंद करतो. मोजकीच मिळतात म्हणून लोक ती जपून ठेवतात. दहा-दहा वर्षं तीच सहा काडतुसं रिव्हॉल्व्हरमध्ये, चामड्याच्या म्यानात. उल्हास खोऱ्यातल्या पावसाळ्यात यासारखं वाईट काही नाही. कमावलेल्या चामड्यातल्या रसायनांनी पितळ हिरवं पडतं आणि दमट हवेने प्रायमर मेल्यागत होतो. कोरड्या, घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्या टाकून, शस्त्रापासून वेगळ्या कुलपात काडतुसं ठेवावीत. दरवर्षी जुनी सरावात संपवावीत आणि नवी आणावीत. हिरवं पडलेलं, खड्डा पडलेलं किंवा टोक आत दबलेलं काडतूस सरावालाही वापरू नये. २६ जुलै २००५ला कल्याण-बदलापुरात घरोघरी पाणी शिरलं होतं. अशा पाण्यात बुडालेली काडतुसं वाळवून परत भरण्याचा मोह तर अजिबातच नको.

चाप ओढला आणि गोळी उडाली नाही, तर नळी सुरक्षित दिशेला धरून किमान अर्धा मिनिट थांबायचं. प्रायमर उशिरा पेटू शकतो. आवाज नेहमीपेक्षा फुसका आला तर लगेच थांबायचं, शस्त्र रिकामं करून नळी तपासायची. गोळी आत अडकली असेल आणि तिच्यामागून दुसरी सोडली, तर नळी फुगते किंवा फाटते.

बाद काडतुसांचं काय करायचं, हा प्रश्न वाटतो तेवढा किरकोळ नाही. घरच्या कचऱ्यात टाकणं गुन्ह्याला आमंत्रण आहेच, शिवाय आगीत काडतूस उडतं, आणि आपलं कल्याणच्या आधारवाडीचं डम्पिंग ग्राउंड बंद होण्याआधी वारंवार पेटायचं, ते आठवावं. प्रवासी बॅगेच्या कप्प्यात विसरलेलं एखादं काडतूसही विमानतळावर गुन्हा नोंदवायला पुरतं. मग नकळत बाळगलं होतं हे कोर्टात पटवत बसावं लागतं, कारण १९५९चा कायदा शस्त्राइतकाच दारूगोळ्यालाही लागू आहे. बाद काडतुसं परवाना असलेल्या विक्रेत्याकडे किंवा पोलीस ठाण्यात जमा करावीत आणि संख्या लिहिलेली पोच घ्यावी. वडिलांच्या निधनानंतर कपाटात सापडलेली काडतुसंही याच वाटेने जातात. त्या परवान्याचं आणि शस्त्राचं काय करायचं, वारसाला ते कसं मिळतं, हे पुढच्या आठवड्यात.