विल्मा बांकी: हेलानं खरंच घात केला?

मूकपटांचा जमाना कसा संपला, याची एक ठरलेली गोष्ट आहे. पडद्यावर अप्सरा भासणारी नटी बोलपट येताच तोंड उघडते, प्रेक्षक खो खो हसतात आणि नटी कायमची घरी बसते. या गोष्टीत नाव घालायची वेळ आली की विल्मा बांकी हमखास सापडते. हंगेरीत जन्मलेली, युरोपात काही चित्रपट केलेली ही नटी १९२५ मध्ये निर्माता सॅम्युएल गोल्डविनच्या नजरेस बुडापेस्टला पडली. त्यानं तिला करारात बांधून हॉलिवूडला नेलं आणि ‘हंगेरियन ऱ्हॅप्सडी’ म्हणून तिची जाहिरात केली. जेमतेम पाच वर्षांत ती तिथल्या पडद्यावरून दिसेनाशी झाली. एवढं खरं आहे.

हेल होता, हेही खरं. अमेरिकेत उतरली तेव्हा तिला इंग्रजी जवळपास येतच नव्हतं. पण मूकपटात त्यावाचून काही अडत नसे. नट कॅमेऱ्यासमोर नुसते ओठ हलवत, असं अनेकांना वाटतं, तेही चूकच. ते खरोखर बोलत. तिचा नेहमीचा नायक रोनाल्ड कोलमन इंग्रजीत बोलायचा आणि ही आपल्या भाषेत उत्तर द्यायची, असं सांगतात. प्रेक्षकांपर्यंत पोचायची ती मधली पाटी, आणि पाटीला हेल नसतो.

आता बोलपटांकडे वळू. १९२९ चा ‘धिस इज हेवन’ बराचसा मूक, थोडासा बोलका होता. त्यात तिला भूमिका मिळाली न्यूयॉर्कला नव्यानं आलेल्या हंगेरियन मुलीची. म्हणजे हेल लपवायची गरजच उरली नाही. चित्रपट चालला नाही. पुढच्या वर्षी एमजीएमचा ‘अ लेडी टू लव्ह’ आला. दिग्दर्शक व्हिक्टर सिओस्ट्रॉम, समोर एडवर्ड जी. रॉबिन्सन. हा पूर्ण बोलपट होता आणि त्याची जर्मन आवृत्तीही निघाली. त्या काळी डबिंग रुळलेलं नव्हतं, तोच चित्रपट दुसऱ्या भाषेत नव्यानं चित्रित करत. जर्मन आवृत्तीतही विल्मा आणि रॉबिन्सन होतेच. पहिल्याच बोलपटात हसं होऊन घरी बसलेल्या बाईची ही हकीकत नव्हे.

शिवाय परकी बोली म्हणजे काम बंद, असा नियमही नव्हता. स्वीडिश ग्रेटा गार्बोचा पहिला बोलपट १९३० चाच आणि तो गाजला. हंगेरीच्याच बेला लुगोसीला १९३१ च्या ‘ड्रॅक्युला’नं अमर केलं ते त्या जड, रेंगाळत्या उच्चारांसकट. पण लुगोसीला खपून गेलं ते विल्माला जाचलं. माझ्या मते अडचण भूमिकांच्या साच्याची होती. ट्रान्सिल्व्हेनियातला सरदार तसा बोलला तर रंगत वाढते. गोल्डविननं मात्र तिला कधी राजकन्या, कधी अमेरिकी वाळवंटातली मुलगी म्हणून उभं केलं होतं. तो साचा बोलीसकट कसा पेलायचा, हे कुणी नीट ठरवलंच नाही. त्याच गोल्डविनच्या हाती कोलमनचा सुरेल इंग्रजी आवाज होता. १९२९ च्या ‘बुलडॉग ड्रमंड’नं त्याचं नाणं खणखणीत वाजलं. पैसा कुठे लावायचा, हे निर्मात्याला कळायला वेळ लागत नाही.

दुसरा आवडता समज असा की रुडॉल्फ व्हॅलेंटिनोनं तिला घडवलं. त्यांनी एकत्र केलेले चित्रपट दोनच: ‘द ईगल’ आणि ‘द सन ऑफ द शेख’. कोलमनबरोबर पाच. अमेरिकेतला तिचा पहिला चित्रपट ‘द डार्क एंजेल’ हाही कोलमनबरोबरचाच. व्हॅलेंटिनो ऑगस्ट १९२६ मध्ये अवघ्या एकतिसाव्या वर्षी गेला, ‘द सन ऑफ द शेख’ त्याचा शेवटचा चित्रपट ठरला, म्हणून ती जोडी लोकांच्या मनात पक्की बसली.

लग्नाबद्दल तर विचारूच नका. २६ जून १९२७ ला बेव्हर्ली हिल्समध्ये नट रॉड ला रॉकशी तिचा विवाह झाला. सेसिल बी. डमिल नवरदेवाचा पाठराखा, सगळा थाट गोल्डविनचा. मेजवानीतल्या टर्की कागदाच्या लगद्याच्या होत्या, असं अजून चवीनं सांगतात. मला तो किस्सा जरा जास्तच गोड वाटतो. पण प्रसिद्धीसाठी मांडलेला संसार म्हणून लोकांनी नाकं मुरडली, तो १९६९ मध्ये ला रॉकच्या मृत्यूपर्यंत, म्हणजे बेचाळीस वर्षं टिकला. हॉलिवूडच्या हिशेबात हे अजबच.

१९३० नंतर ती अडगळीत कुढत बसली, हेही तसंच ऐकीव. १९३२ मध्ये तिनं लुइस ट्रेंकरबरोबर ‘डेर रेबेल’ हा जर्मन चित्रपट केला आणि मग आपणहून थांबली. ला रॉक जमीनजुमल्याच्या व्यवसायात उतरला, ती गोल्फ खेळू लागली. मुलंबाळं नव्हती, दोघांच्या नावे मुलांच्या शिक्षणासाठी निधी उभा राहिला. शेवटच्या आजारपणात कुणी भेटायला फिरकलं नाही, याचा सल मात्र तिला होता. १८ मार्च १९९१ ला ती गेली. तिच्याच सूचनेप्रमाणे बातमी दिली गेली नाही, ती बाहेर आली पुढच्या वर्षी. ‘अज्ञातवासात, कंगाल अवस्थेत मृत्यू’ हे शीर्षक त्या मौनातून लोकांनी आपल्या मनानं रचलं.

आणि तिचे सगळे चित्रपट नष्ट झाले, असं म्हणून हात झटकणाऱ्यांसाठी: ‘द डार्क एंजेल’ हरवला आहे खरा, पण व्हॅलेंटिनोबरोबरचे दोन्ही पाहायला मिळतात. ‘द विनिंग ऑफ बार्बरा वर्थ’ही मिळतो. नेवाडाच्या ब्लॅक रॉक वाळवंटात चित्रित झालेल्या या चित्रपटात तिची दुहेरी भूमिका आहे. सुरुवातीला वाळूच्या वादळात सापडलेली आई तीच, आणि पुढे मोठी झालेली मुलगीही तीच. त्यात एक उंच, लाजरा, तोवर फारसा कुणाला ठाऊक नसलेला पोरगाही दिसतो. तो गॅरी कूपर.