पावसावरचे भात आणि खताचा हिशेब



ऊसविकास विभागाचा लेख म्हटला की आडसाली, सुरू किंवा खोडवा यांवरच काहीतरी असणार, असे आपण धरून चालता. या वेळी ऊस बाजूला ठेवून भाताविषयी लिहीत आहोत. त्याला कारणही तसेच घडले.

मागच्या पावसाळ्यात डोंगरकडेच्या एका गावी उसाच्या नोंदी घेऊन आम्ही परत निघालो होतो. एका वडीलधाऱ्या सभासदांनी बांधावर थांबवले. वरच्या अंगाला त्यांचे भात पिवळट पडलेले आणि त्याला लागून खालचे वावर मात्र काळेभोर हिरवे. ते म्हणाले, "साहेब, आठ दिवसांमागं एक गोणी युरिया फेकला. रात्री तरण्याचा पाऊस असा कोसळला की बांधावरनं पाणी गेलं. आता बघा, खत माझं आन् भात भावकीचं!" जमलेली मंडळी हसली. आम्हीही हसलो, पण ते हसू घरापर्यंत टिकले नाही. कारण "युरिया टाका" असे त्यांना सांगणारे आम्हीच होतो. केव्हा टाका, कसा टाका, हे सांगायचे राहून गेले होते.

खरी गोष्ट अशी की, राधानगरी, भुदरगड, पन्हाळा, शाहूवाडी या पट्ट्यात पुष्कळ घरांत नदीकाठाला ऊस आणि वरकडच्या वावरात भात असतो. उसाला आपण बेसल डोस देतो, भरणी करतो. भाताला मात्र भरणीतून उरलेली अर्धी गोणी. ऊस बिलाचा, पण भात ताटाचा आहे. वर्षाचे तांदूळ घरचे असावेत असे वाटत असेल, तर भाताच्या खताचाही हिशेब मांडला पाहिजे.

खत जाते कुठे?

बागायतीत पाणी आपल्या हातात असते. पावसावरच्या भातात ते आभाळाच्या हातात. चार दिवस वावर तुडुंब, मग उघडीप पडली की चिखलाला भेगा, पुन्हा तुडुंब. या उलथापालथीत सर्वांत जास्त नुकसान नत्राचे होते.

साचलेल्या पाण्यात फेकलेल्या युरियाचा काही भाग अमोनिया वायू होऊन उडतो. काही पाण्याबरोबर बांधावरून जातो. वावर सुकले की उरलेल्या नत्राचे नायट्रेट बनते आणि पुन्हा पाणी भरले की हवा नसलेल्या चिखलात त्याचा वायू होऊन तोही निघून जातो. म्हणजे फेकून दिलेल्या शंभर किलो नत्रातले तीस-चाळीस किलोच पिकाच्या तोंडी लागते. २०१५ पासून युरियाला कडुनिंबाच्या तेलाचे आवरण असते. त्याने थोडा फरक पडतो, पण वाहत्या पाण्याला ते आवरण अडवू शकत नाही.

आपल्या तांबड्या जांभ्या जमिनीत स्फुरदाची वेगळीच अडचण आहे. तिथले लोह आणि ॲल्युमिनियम स्फुरदाला धरून ठेवतात, मुळाला लवकर सोडत नाहीत. म्हणून स्फुरद वर न फेकता मुळाजवळ पडले पाहिजे.

थोडक्यात, पाणी हातात नसले तरी खत कुठे आणि केव्हा टाकायचे, हे हातात आहे.

चार सूत्रे

कृषिशास्त्रज्ञ डॉ. नारायण सावंत यांनी शेतकऱ्यांपुढे ठेवलेली चारसूत्री पद्धत आपल्या भागाला चांगली लागू पडते.

पहिले सूत्र, भाताचे भाताला परत करणे. तरव्याच्या वाफ्यात दर चौरस मीटरला अर्धा ते एक किलो भाताच्या तुसाची राख मिसळावी. तिच्यातील सिलिकाने रोप ताठ आणि काटक होते. जुनी माणसे राब भाजायची, त्यातही राखेचाच गुण होता. गिरणीवरचे तूस वापरले तर झाडाच्या फांद्या तोडाव्या लागत नाहीत. पिंजरात पालाश भरपूर असते. ते जनावरांना घातले तर निदान त्यांचे शेण भाताच्या वावरात परत यावे. आज ते सगळे उसाला जाते.

दुसरे, गिरिपुष्प, म्हणजे आपली उंदीरमारी. पावसाच्या सुरुवातीला बांधावर फांद्या रोवल्या की झाले. लावणीआधी आठवडाभर गुंठ्याला ३० किलो हिरवा पाला पसरून चिखलणीत गाडावा.

तिसरे, नियंत्रित लावण. दोरीवर १५ आणि २५ सेंटिमीटरवर आळीपाळीने खुणा करून एका चुडात दोन-तीन रोपे लावावीत.

चौथे, युरिया-डीएपीच्या गोळ्या, म्हणजे ब्रिकेट. लावण झाली की त्याच दिवशी जवळजवळच्या चार चुडांच्या मध्ये एक गोळी ७ ते १० सेंटिमीटर खोल दाबावी. तिथे नत्र अमोनियमच्या रूपात मातीला धरून राहते आणि मूळ त्याला शोधत येते. एक गोळी २.७ ग्रॅमची. गुंठ्याला सुमारे ६२५, एकराला २५ हजार गोळ्या, म्हणजे साडेसदुसष्ट किलो. यातून एकरी साडेतेवीस किलो नत्र आणि बारा किलोवर स्फुरद मिळते. पालाश यात नसते, ते माती परीक्षण पाहून वेगळे द्यावे.

आता खरे सांगायचे तर गोळी दाबायला माणूस लागतो. पैऱ्याने लावणीला आलेल्या बायका म्हणतात, "रोपं लावताना पाठ मोडती, त्यात गोळ्या कवा दाबायच्या?" त्यांचे म्हणणे खोटे नाही. मात्र नंतर पावसात दोनदा युरिया टाकण्याची मजुरी वाचते, हेही मोजावे. आणखी एक गोष्ट. ज्या मुरमाड वावरात पाणी ठरतच नाही, तिथे गोळीचा म्हणावा तसा फायदा होत नाही.

गोळी जमत नसेल तर

सुधारित जातीला साधारण एकरी ४० किलो नत्र, २० किलो स्फुरद, २० किलो पालाश धरावे. म्हणजे युरिया ८७ किलो (४५ किलोच्या दोन गोण्यांना थोडा कमी), सिंगल सुपर फॉस्फेट १२५ किलो आणि म्युरेट ऑफ पोटॅश ३३ किलो. सुपर आणि पोटॅश चिखलणीच्या वेळीच द्यावे. युरिया एकदम नको. ३५ किलो लावणीला, ३५ किलो फुटवे येताना महिन्याभराने आणि उरलेला १७ किलो पोटरीच्या सुरुवातीला.

वरचा हप्ता देताना उघडीप पाहावी. वावरातले पाणी काढावे, भांगलण करावी, युरिया चिखलात मिसळावा आणि बांधाचे तोंड पक्के बंद करावे. आभाळ भरून आले असेल तर गोणी घरातच राहू द्या. चार दिवस उशीर चालेल, खत ओढ्याला नको.

धूळवाफेवर कुरीने पेरलेल्या भाताला सुपर आणि चांगले कुजलेले शेणखत किंवा प्रेसमड कंपोस्ट पेरणीआधी द्यावे. युरिया मात्र रोप वर येऊन पहिली भांगलण झाल्यावरच सुरू करावा. कोरड्या मातीत आधी दिलेला युरिया पहिल्या मोठ्या पावसातच जातो.

या सगळ्याच्या आधी माती तपासून घ्या. भाताच्या वावरातला नमुना १५ सेंटिमीटर खोलीचा, आठ-दहा ठिकाणचा मिसळून घ्यावा. उसाचा नमुना देता तेव्हा भाताचाही वेगळा पुडा करून चिटबॉयकडे द्या.

सगळ्या वावरात एकदम करा असे आम्ही म्हणत नाही. फक्त पाच गुंठे राखून ठेवा. त्याला तीन हजार सव्वाशे गोळ्या, म्हणजे साडेआठ किलो पुरतात. शेजारी नेहमीसारखे भात ठेवा आणि खळ्यावर दोन्ही वेगळे मोजा. आमच्या सांगण्यापेक्षा ते माप खरे. आणि ज्या बांधावर आम्हाला आमची चूक कळली, तिथे यंदा लावणीच्या दिवशी आम्ही स्वतः दोरी धरायला जाणार आहोत.