एक दिवस, दोन गावं : १६ ऑगस्टची नागपंचमी (लेखांक ७)

भिवापूरहून कानपा-शंकरपूरच्या वाटेला लागलं की नागपूर जिल्हा मागे पडतो आणि पुढे चिमूर येतं. मिरचीने भिवापूरचं नाव दूरवर नेलं, तिला भौगोलिक मानांकनही मिळालं. शेजारच्या चिमूरचं नाव मात्र एका तारखेशी जोडलेलं आहे : १६ ऑगस्ट १९४२. त्याच दिवशी वर्धा जिल्ह्यातल्या आष्टी गावानेही पोलीस ठाण्यावर तिरंगा लावायचा निश्चय केला. दोन्ही गावांत शंभराहून अधिक किलोमीटरचं अंतर. मग दिवस एकच कसा?

मागच्या लेखांकात १ जानेवारी १८७७ ची गोष्ट होती. दिल्ली दरबारात व्हिक्टोरिया राणीला भारताची सम्राज्ञी म्हणून जाहीर केलं गेलं आणि त्याच दिवशी नागपुरात जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल सुरू झाली. तिथे दिवस ठरवून निवडलेला होता. गिरणीचं नावच ते सांगतं. चिमूर-आष्टीचा उलगडा असा सरळ होत नाही. त्यासाठी पंचांग उघडावं लागतं.

१६ ऑगस्ट १९४२ ला रविवार होता आणि श्रावण शुद्ध पंचमी, म्हणजे नागपंचमी. या दिवशी शेतकरी जमीन खणत नाही, नांगरत नाही. मातीतल्या नागाला इजा होऊ नये ही त्यामागची भावना. एरवी श्रावणात डवरणी-निंदणीला शिवारात पांगलेली माणसं त्या दिवशी गावात असतात. गांधीजींसह काँग्रेसचे नेते ९ ऑगस्टच्या पहाटे पकडले गेले, ती बातमी आठवडाभरात खेड्यापाड्यांत पोचली होती. मनात संताप साठलेला, आणि सणामुळे सगळं गाव एका जागी. एक दिवस जुळून येण्यामागे नागपंचमीचा मोठा वाटा होता, हे मानायला इथे भक्कम आधार आहे.

चिमुरात राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांच्या खंजिरी भजनांनी आधीच वातावरण तापवलं होतं. १६ तारखेला प्रभातफेरी निघाली, गोळीबार झाला, कोवळ्या वयाचा बालाजी रायपूरकर धारातीर्थी पडला. त्यानंतर जमाव आवरला नाही. सरकारी इमारती पेटल्या, झाडं आडवी टाकून रस्ते अडवले गेले, आणि उपविभागीय दंडाधिकारी डुंगाजी, नायब तहसीलदार सोनवणे यांच्यासह सरकारी माणसं मारली गेली. तीन दिवस चिमुरात इंग्रजांची सत्ता उरली नव्हती. आष्टीतही ठाण्यासमोर गावकऱ्यांनी गोळ्या झेलल्या आणि ठाण्यातले पोलीसही जिवाला मुकले. दोन्हीकडचे मृत्यू सांगायलाच हवेत. त्यांतली एक बाजू गाळून लिहिलेला इतिहास त्या गावांचाही मान राखत नाही.

१९ ऑगस्टला चिमुरात फौज आली. पुढे जे झालं ते या गावाच्या मनात अजून सलतं. पुरुषांना पकडून नेल्यावर मागे राहिलेल्या बायकांवर अत्याचार झाले. त्यांची चौकशी व्हावी म्हणून सेवाग्रामचे प्राध्यापक भणसाळी उपोषणाला बसले. ते ६३ दिवस चाललं आणि १२ जानेवारी १९४३ ला सुटलं. चिमूर-आष्टीच्या खटल्यांत फाशीच्या शिक्षा झाल्या. त्या कैद्यांचे प्राण वाचावेत म्हणून नागपूरच्या अनसूयाबाई काळे यांनी जिवाचं रान केलं. अखेर १९४५ मध्ये फाशी टळली. अनसूयाबाईंचं नाव आज जितकं घेतलं जातं, त्याहून कितीतरी जास्त घेतलं जायला हवं.

दिवस जुळण्याचं दुसरं कारण त्याच वर्षी सातारा आणि खानदेशात दिसतं. ९ सप्टेंबर १९४२ ला वडूजच्या कचेरीवर परशुराम घार्गे यांच्या नेतृत्वाखाली मोर्चा गेला आणि नऊ जण गोळीला बळी पडले. त्याच दिवशी नंदुरबारला शिरीषकुमार आणि त्याचे चार साथीदार पडले. इथे सण नव्हता. चळवळीला महिना पूर्ण होत होता. एकीकडे सणाने माणसं जमवली, दुसरीकडे तारखेने.

आता मूळ प्रश्नाची खरी गंमत. चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं, म्हणजे सौरवर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान. अधूनमधून अधिकमास घालून हा फरक भरून काढावा लागतो. त्यामुळे नागपंचमी जुलै-ऑगस्टमध्ये मागेपुढे सरकत राहते. २०२४ साली ती ९ ऑगस्टला, नेमकी क्रांतिदिनीच आली होती; २०२५ मध्ये २९ जुलैला. पण १९ सौरवर्षांत २३५ चांद्रमास जवळजवळ अचूक बसतात. म्हणून दर १९ वर्षांनी तिथी आणि तारीख पुन्हा एकमेकींच्या शेजारी येतात, फार तर एखाद्या दिवसाच्या फरकाने.

चिमूर आपले हुतात्मे १६ ऑगस्टला आठवतं, आष्टी नागपंचमीला. दिवस एकच होता. पण एका गावाने तारीख जपली, दुसऱ्याने तिथी. २०२५ मध्ये या दोन स्मरणांत अठरा दिवसांचं अंतर पडलं. १९४२ नंतर १९ वर्षांची चार चक्रं पुरी झाली ती २०१८ साली. त्या वर्षी नागपंचमी १५ ऑगस्टला होती. आष्टीत हुतात्म्यांना फुलं वाहिली गेली आणि दुसऱ्या दिवशी चिमुरात. मध्ये फक्त एक रात्र होती.