हळर्णचा कोट आणि सरहद्दीचा हिशेब

पेडणे महालात, शापोरा नदीच्या उत्तर तीरावर, हळर्ण गावी जो जांभ्या दगडाचा बैठा कोट आहे, त्याकडे पाहून एखाद्या राष्ट्राच्या संरक्षणनीतीचा विचार मनात यावा असे वरकरणी त्यात काहीच नाही. सह्याद्रीतील गडांची उंची त्याला लाभली नाही, सिंधुदुर्गाप्रमाणे समुद्राशी झुंजण्याचा मानही त्याच्या वाट्यास आला नाही. एका अंगाला नदी, इतर बाजूंना खंदक आणि कोपऱ्यांवर बुरूज एवढ्याच भांडवलावर त्याला आपली अब्रू राखावी लागली. तथापि पोर्तुगालच्या एका मातबर सरदारघराण्याने आपल्या किताबात ज्या गावाचे नाव पिढ्यानपिढ्या मिरवले, ते गाव हेच. आणि त्या घराण्यातील लिओनोर दे आल्मैदा ही विदुषी पोर्तुगीज काव्येतिहासात ‘मार्केझा दे आलोर्ना’, म्हणजे आपल्या हळर्णची मार्केझा, याच नावाने अजरामर झाली. तिने हे गाव कधी पाहिले नव्हते.

राज्याचे लष्करी धोरण म्हटले की सामान्य वाचकाच्या डोळ्यांपुढे तोफा, विमाने आणि शूर सेनापती उभे राहतात. पण मुत्सद्द्यांच्या खलबतखान्यात ही मंडळी बरीच उशिरा येतात. शत्रू कोणत्या वाटेने येईल, त्याच्या आणि आपल्या मर्मस्थानाच्या दरम्यान किती भूमी आहे, ती राखण्यास माणसे कोठून आणावयाची, त्यांचा पगार कोणत्या महसुलातून द्यावयाचा, आणि प्रसंग ओढवल्यास कोण धावून येईल, हे रूक्ष प्रश्न आधी सुटावे लागतात. गोव्याच्या उत्तर सरहद्दीवर हे सर्व प्रश्न सुमारे सव्वादोनशे वर्षांच्या अवधीत एकामागून एक पुढे आले, म्हणून त्यांचा पडताळा पाहण्यास हळर्णसारखी सोयीची जागा नाही.

हा कोट मूळचा सावंतवाडीकर सावंत-भोसल्यांचा. सावंतांच्या दृष्टीने तो मुलखाच्या दक्षिण अंगाचा पहारा होता. नदीपलीकडे डिचोली आणि बारदेश, आणि खाडीच्या वाटेने वर येणारी होडी कोटाच्या नजरेतून सुटावयाची नाही. फिरंग्यांच्या दृष्टीने मात्र तोच कोट घराच्या उंबऱ्याशी रोखलेली बंदूक होती, याचा प्रत्यय त्यांना 1739 साली आला. त्या वर्षी चिमाजी आप्पांनी उत्तरेत वसई घेतली. त्याच सुमारास व्यंकटराव घोरपडे इचलकरंजीकरांची फौज गोव्यातील साष्टीत उतरली आणि सावंतांनी बारदेशात मुसंडी मारली. राजधानीचे बेट तेवढे नद्यांच्या आडोशाने वाचले. पुढच्याच वर्षी चौलही गेले. तिसवाडी, बारदेश आणि साष्टी हे तीन महाल राखावयाचे, तर त्यांच्याभोवती परकी मुलखाऐवजी आपल्याच मुलखाचे कुंपण हवे, हा धडा गोव्यापेक्षा लिस्बनने अधिक मनावर घेतला असे पुढील घटनांवरून दिसते.

1744 साली जो विजरई गोव्यास आला, तो पेद्रु मिगेल दे आल्मैदा हा ब्राझीलमधील सोन्याच्या खाणींच्या प्रदेशावर पूर्वी हुकमत गाजवून आलेला करडा माणूस होता. त्याने 5 मे 1746 रोजी हळर्ण घेतले. मागोमाग डिचोली, साखळी आणि तेरेखोल घेतले. आणि या कामगिरीबद्दल त्याचा मूळचा किताब बदलून त्याला ‘आलोर्नाचा मार्किश’ करण्यात आले. परंतु मला त्याच्या तलवारीपेक्षा त्याच्या लेखणीचे महत्त्व अधिक वाटते. 1750 साली कारभार सोडताना त्याने आपल्या मागून आलेल्या ताव्होराच्या मार्किशासाठी एक प्रदीर्घ टिपण लिहून ठेवले, त्यात शेजारच्या एकेका दरबाराची ताकद, नड आणि मनसुबा यांची छाननी केली. संरक्षणनीती म्हणतात ती हीच: आपल्या बळाची मोजदाद कमी, शेजाऱ्याच्या स्वभावाची अधिक.

मराठी वाचकास येथे रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्राची आठवण होणे साहजिक आहे. आलोर्नाच्या टिपणाच्या सुमारे पस्तीस वर्षे आधी लिहिलेल्या त्या ग्रंथात दुर्गांना राज्याचा आधार मानले आहे, आणि टोपीकर सावकारांना किनाऱ्यावर वा खाडीकाठी पक्क्या बांधणीची जागा देऊ नये, कारण त्यांच्या व्यापारामागे राज्यलोभ आहे, असा इशाराही दिला आहे. दोन प्रतिस्पर्ध्यांनी एकाच किनाऱ्याकडे पाहून लिहिलेली ही दोन टिपणे शेजारी ठेवून वाचण्यासारखी आहेत. अमात्यांचे लक्ष खाडीच्या मुखावर, तर विजरईचे खाडीच्या माथ्यावर. दोघांनाही भय एकच, की दुसऱ्याचा पाय आपल्या अंगणात रुतेल.

पुढे गंमत अशी झाली, की जिंकलेला हा मुलूख बराचसा तहाने सावंतांना परत द्यावा लागला. विजेत्याच्या घराण्याकडे किताब राहिला, कोट राहिला नाही. फोंडे आणि त्याच्या दक्षिणेकडील महाल 1763-64 च्या सुमारास फिरंग्यांकडे आले ते हैदर अलीने सोंध्याच्या राजाला देशोधडीस लावले म्हणून. डिचोली-सत्तरी 1781-82 मध्ये. आणि पेडणे 1788 साली खेम सावंतांनी दिले ते कोल्हापूरकरांशी जुंपलेल्या वैरात पोर्तुगीजांची मदत हवी होती म्हणून. नव्या काबिजादी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या प्रदेशाचा मोठा भाग तोफेने नव्हे, तर शेजाऱ्यांच्या आपसांतील कलहाने पदरात पडला.

आणि येथेच कुंपणाचा हिशेब उलटला. जे महाल गोव्याच्या रक्षणासाठी घेतले, त्यांचेच रक्षण करण्याची पाळी आली. तेथील राणे सरदार सत्तरीच्या रानातून वारंवार उठू लागले, आणि दूरच्या पोर्तुगालमधून पुरेसे गोरे शिपाई आणणे खजिन्यास झेपणारे नसल्यामुळे पलटणीत भरती करावी लागली ती मराठ्यांचीच. 1895 साली मोझांबिकमधील बंड मोडण्यासाठी या मराठा पलटणीला समुद्रापलीकडे जाण्याचा हुकूम झाला. शिपायांनी तो धुडकावला, हत्यारांनिशी सत्तरीतील नाणूसच्या कोटाची वाट धरली, आणि दादा राणे त्यांना मिळाले. शेवटी राजाचा सख्खा भाऊ आफोंसू याला युरोपातून फौज घेऊन यावे लागले. आफ्रिकेतील एक वसाहत राखण्याचे लिस्बनमधले गणित सत्तरीतील शिपायाच्या घरापाशी येऊन कोसळले, ही गोष्ट त्या काळच्या कोणत्याही मोठ्या साम्राज्याने ध्यानात ठेवण्याजोगी होती. ब्रिटिशांना तर 1857 नंतर ती पाठच असावयास हवी होती.

विसाव्या शतकात प्रश्न तेच राहिले, उत्तरे मात्र सर्व चुकली. पेडण्यातील पत्रादेवी येथे 15 ऑगस्ट 1955 रोजी सत्याग्रह्यांवर गोळ्या झाडणाऱ्या सालाझार राजवटीपाशी गोव्याच्या रक्षणासाठी 1961 अखेर साडेतीन हजारांच्या आसपास सैनिक होते. नाटो करार उत्तर अटलांटिकपुरता होता. शतकानुशतकांच्या इंग्लंडमैत्रीचा दाखला दिला गेला, तरी लंडनने भारतावर शस्त्र उचलण्याचा प्रश्नच नव्हता. गव्हर्नर जनरल व्हासालू ई सिल्व्हा याची योजना पूल उडवीत, सुरुंग पेरीत मागे सरकण्याची होती. लिस्बनचा हुकूम मात्र निदान आठ दिवस झुंजून मरण्याचा. 18 डिसेंबरच्या पहाटे भारतीय फौजा गोव्यात शिरू लागल्या, तसा डिचोलीचा, कोलवाळचा आणि अस्नोड्याचा पूल उडाला. भारतीय योजनेत मुख्य मोर्चा पूर्वेकडून आणि उत्तरेची चाल दुय्यम होती. परंतु ब्रिगेडियर सगतसिंग यांच्या पॅरा ब्रिगेडने दोडामार्गहून नद्या ओलांडीत असा वेग धरला, की त्याच दिवशी संध्याकाळी तिची एक तुकडी पणजीसमोर बेतीस येऊन थडकली. हुकुमाप्रमाणे माणसे मारविण्याऐवजी व्हासालू ई सिल्व्हाने 19 तारखेस शरणागती लिहून दिली. त्याला लष्करातून बडतर्फ करण्यात आले, आणि 1974 च्या क्रांतीनंतर सन्मानाने परत घेण्यात आले. माझ्या मते त्या सर्व प्रकरणात आपल्याजवळ काय आहे आणि काय नाही याचा प्रामाणिक हिशेब करणारा तो एकटाच पोर्तुगीज अधिकारी होता.

आज पेडण्याची सरहद्द दोन राज्यांमधील हद्द उरली आहे, आणि देशाचे लष्करी धोरण मंत्रिमंडळाच्या सुरक्षाविषयक समितीत, अर्थसंकल्पाच्या आकड्यांत आणि तिन्ही दलांच्या मागण्यांच्या ओढाताणीत ठरते. त्याची झळ या महालास लागत नाही असे मात्र नाही. पोर्तुगीजांनी बांधलेला दाबोळीचा विमानतळ 1962 पासून नौदलाच्या ताब्यात; नागरी विमानांना नौदलाच्या सरावाच्या वेळा सांभाळाव्या लागत. ही अडचण पेडण्यातील मोपा येथे दुसरा विमानतळ उभारण्यामागच्या कारणांपैकी एक होती. 2014 ते 2017 या काळात देशाचे संरक्षणमंत्री असलेल्या मनोहर पर्रीकरांचे नाव त्या विमानतळाला दिले आहे. आणि पठारावरच्या ज्या शेतकऱ्यांच्या जमिनी त्यासाठी गेल्या, त्यांची गाऱ्हाणी विमाने उडू लागल्यावरही पुरती मिटलेली नाहीत.